उत्तरं तिची, अक्षर माझं

बाई, तुमच्याबद्दल मी आजवर कुणाशीच बोलले नाही. तुमच्याशी बोलायची वेळ होती तेव्हा तुमच्याशीही बोलले नाही. आता मी लातूरला असते. निवृत्त होऊनही बरीच वर्षं झाली. दुपारी चारला पुढच्या खोलीत सतरंजी अंथरते आणि मुलं येतात, आठ-नऊ असतात. सगळी हुशार, बोलायला चटपटीत, आणि सगळ्यांच्या वह्या लाल शाईनं भरलेल्या. त्यांना जे असतं त्याला आता नाव आहे, डिस्लेक्सिया. डॉक्टर तसं लिहून देतात, कागदावर शिक्का असतो. आपल्या वेळी त्याला 'ढ' म्हणायचे, आणि शिक्का तोच. हे गाव तुम्ही पाहिलेलं राहिलेलं नाही. डाळीच्या गिरण्या आहेत, आडत आहे, पण आता लांबलांबची पोरं इथं क्लास लावून डॉक्टर व्हायला येतात, आणि चौकाचौकांत पहिल्या आलेल्या मुलांचे फोटो टांगलेले असतात. अशा गावात 'पाणी' हा शब्द तीन तऱ्हांनी लिहिणारं पोर घरात असलं की आईबाप ते लपवतात. माझ्याकडे ते हळू आवाजात बोलत येतात. मी मुलांना आठवड्याला पाच-सहाच शब्द देते. शब्द तोडायचा, टाळी वाजवून मोजायचा, बोटानं गिरवायचा, तोंडानं म्हणायचा आणि मगच वहीत लिहायचा. पाच-सहा महिन्यांनी फरक पडतो. थोडाच पडतो. मी कुणाला जास्त सांगत नाही.

तुम्ही मला पहिल्यांदा पाहिलंत तेव्हा मी बावीस वर्षांची होते. मुदखेडहून नांदेड, नांदेडहून लोहा, आणि त्याच्या पुढं एसटी फाट्यावर सोडून गेली तिथून पत्र्याची पेटी डोक्यावर घेऊन मी दोन कोस चालत आले होते. जिल्हा नवा झालेला होता. शाळेच्या पाटीवरचं जुन्या जिल्ह्याचं नाव चुन्यानं पुसून त्यावर 'लातूर' लिहिलं होतं, पण चुना पातळ होता आणि खालचं नाव तसंच दिसायचं. कर्मचाऱ्यांची वाटणी अजून चालूच होती, कोण नव्या जिल्ह्यात राहणार, कोण जुन्या जिल्ह्यात परत जाणार, याच्या याद्या यायच्या आणि बदलायच्या. त्यात पाऊस नाही, सलग दुसरं वर्ष. गावातल्या विहिरीत बायका दोर धरून उतरायच्या आणि वाटीनं घागर भरायच्या. शाळेत तीन शिक्षक, त्यांतले गुरुजी कायम बैठकीला गेलेले. म्हणजे तुम्ही आणि मी.

माझे वडील मुदखेडला रेल्वेच्या रुळांवर गँगमन होते. दीक्षेनंतर आमच्या वस्तीत शिकायची जी ओढ लागली होती, ती आमच्या घरात शुद्धलेखनाच्या रूपानं आली होती. ड्यूटीवरून आले की हात धुऊन आधी माझी वही बघायचे. स्वतःला जेमतेम वाचता यायचं, पण शेजारच्या मास्तरांकडून एकेक शब्द तपासून आणायचे. म्हणायचे, "आपली वेलांटी चुकली की लोकांना वेलांटी दिसत न्हाई, आपली जात दिसती." त्यामुळं माझी वेलांटी कधी चुकली नाही. शाळेत, कॉलेजात, डी.एड.ला, कुठंच नाही. माझं अक्षर छापल्यासारखं होतं आणि मला दुसरं काही फारसं येत नव्हतं.

आणि तुम्ही मुख्याध्यापिका असून तुमचे ऱ्हस्व-दीर्घ चुकायचे. तुम्ही देगलूरच्या. घरात तेलुगू, बाजारात मराठी, आणि शाळा निजामाच्या राज्यातली, उर्दू. देवनागरी तुम्ही वीस वर्षांच्या झाल्यावर शिकलात. वरच्या कचेरीला पाठवायचा अर्ज तुम्ही आधी कच्चा लिहायचात आणि माझ्यापुढं सरकवायचात. "बघ गं जरा, काय चुकलंय." त्यात 'विनंती'ची पहिली वेलांटी दीर्घ असायची, 'दुष्काळ'चा उकार दीर्घ असायचा. मी पेन्सिलनं खुणा करून द्यायची. तुम्हाला त्यात काही कमीपणा वाटायचा नाही, आणि तो वाटत नाही याचाच मला राग यायचा. हे मला तेव्हा कळत नव्हतं. तेव्हा मला वाटायचं, मी फक्त खुणा करते आहे.

ती मुलगी सातवीत होती. आमच्याच वस्तीतली, म्हणजे त्या गावातल्या बौद्ध वस्तीतली. बाप नव्हता, आई दुष्काळी कामावर खडी फोडायला जायची. मुलीचं पाठांतर असं की मी एकदा वाचलेला धडा ती दुसऱ्या दिवशी ओळीनं म्हणून दाखवायची. टँकर कोणत्या दिवशी कोणत्या वस्तीवर येणार हे सगळं गाव तिला विचारायचं. आणि तिनं 'पाऊस' लिहिला की तो 'पासऊ' व्हायचा, 'भाकर'ची 'माकर' व्हायची, जोडाक्षर आलं की ती पेन्सिलीचं टोक मोडेपर्यंत दाबून धरायची. मला ती मुद्दाम करते असं वाटायचं. एवढी हुशार मुलगी, आणि आपली मुलगी. तिला चूक परवडत नाही हे तिला कळायलाच हवं होतं. एके दिवशी मी दहा शब्द सांगितले, तिचे नऊ चुकले. मी तिला 'दुष्काळ' पन्नास वेळा लिहायला लावला. तिनं तो सगळा तास लिहिला. वही पाहिली तर एकाच पानावर तो सहा तऱ्हांनी लिहिलेला. मी छडी घेतली. किती मारल्या ते आठवत नाही. तिनं हात मागं घेतला नाही एवढं आठवतं.

तुम्ही दारात कधी आलात ते मला दिसलं नाही. तुम्ही माझ्या हातातून छडी घेतली, कोपऱ्यात उभी करून ठेवली आणि ती वही उचलली. सगळा वर्ग बघत होता. तुम्ही पानं उलटलीत आणि म्हणालात, "पोरगी आळशी न्हाई. पन्नास वेळा चुकीचं लिहायला बी मेहनत लागती." मागच्या रांगेतलं कुणीतरी हसलं. तुम्ही ते मला बोललात की तिच्या बाजूनं बोललात, हे मी पुढं पुष्कळदा ठरवायचा प्रयत्न केला. बाहेर व्हरांड्यात आल्यावर तुम्ही आवाज खाली आणून सांगत होतात. "मी मराठी शिकले तेव्हा माझा हात उजवीकडून चालायचा. अक्षर दिसायचं, पण कोणत्या अंगानं धरायचं ते कळायचं न्हाई. ह्या पोरीला मराठीच तशी आहे. तिला मारून काय उपयोग?" मी "हो" म्हणाले. माझी चूक, माझ्याच समाजाच्या पोरीपुढं, माझ्यासारखं लिहिता न येणाऱ्या बाईनं काढावी, एवढंच मला दिसत होतं.

त्यानंतर ती मुलगी रोज शाळा सुटल्यावर तुमच्या खोलीवर यायला लागली. मी शेजारच्याच खोलीत राहायची, मधली भिंत अर्धीच होती, त्यामुळं सगळं ऐकू यायचं. तुमचं स्वयंपाकघर म्हणजे एक चूल, एक रांजण आणि पत्र्याचे तीन डबे. तुम्ही भाकरी थापत असता, ती चुलीपुढं बसलेली असते. तुम्ही जुन्या गोणपाटाची अक्षरं कापून पुठ्ठ्यावर खळीनं चिकटवली आहेत. ती डोळे मिटून त्यावरून बोट फिरवते आणि ओळखते. "घ." "कशावरनं?" "डोक्यावर पुरी रेघ हाय." "का हाय?" "घराला छप्पर असतंय म्हणून." "आणि ध?" "धला छप्पर फुटलंय." मग तुम्ही दोघी हसता. मधेच तुम्ही तिला विचारता, 'किडा'तली वेलांटी कुठं येते, ती म्हणते, "ऐकू येती मागनं, लिवायची पुढनं." तुम्ही म्हणता, "पाहुणा घरात नंतर दिसतो, त्याची चप्पल दारात आधी दिसते. तशी ती." मग तिला भाकरी आणि अंबाडीची भाजी. कधी नुसती चटणी. मी भिंतीच्या या बाजूला माझ्या मुलांच्या वह्या तपासत बसलेली असते. तुम्ही मलाही हाक मारायचात. "ये गं, गरम हाय तोवर." मी म्हणायची, जेवण झालंय.

आणि तुम्ही माझ्यासाठी रोज एक घागर पाणी बाजूला ठेवायचात. तुमच्या वाट्याला दोन यायच्या. मला विहिरीत उतरता येत नव्हतं, मी तशी रेल्वेच्या नळावर वाढलेली. तुम्ही एक घागर माझ्या उंबऱ्याशी ठेवून जायचात. मी सकाळी उचलून आत घ्यायची. दीड वर्षात त्याबद्दल आपण एकदाही बोललो नाही.

मुलीची आई एका रविवारी तुमच्याकडे आली होती. हाताला चिंध्या बांधलेल्या, खडीनं फाटलेले हात. ती उंबऱ्याबाहेरच बसली आणि म्हणाली, "बाई, पास झाली तर धाडते वसतिगृहात. तिथं दोन टाइम जेवाय तरी मिळतंय. न्हाई झाली तर माझ्यासंगं खडीवर. घरी बसवून काय करू?" तुम्ही म्हणालात, "होईल पास." आई म्हणाली, "तिला येतंय का पण?" तुम्ही म्हणालात, "सगळं येतंय. कागदावर यायला टाइम लागून राहिलाय, एवढंच."

टाइम पुरला नाही. चार महिन्यांत ती साठ-सत्तर शब्द नीट लिहायला लागली होती, मी स्वतः पाहिलं होतं, पण सातवीच्या पेपरात साठ-सत्तर शब्दांनी भागत नाही. वार्षिक परीक्षेत तुम्ही तिला तुमच्या खोलीत वेगळं बसवलंत. तुम्ही प्रश्न वाचलेत, ती उत्तरं सांगत गेली, तुम्ही ती लिहीत गेलात. इतिहास, भूगोल, मराठी. मी दारावरून गेले तेव्हा ती डोळे मिटून नद्यांची नावं सांगत होती. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत आणि पुन्हा लिहायला लागलात. तुम्ही काहीच लपवलं नाहीत. त्या उत्तरपत्रिकेत 'गोदावरी'चा 'व' तुमच्यासारखा होता आणि ऱ्हस्व-दीर्घही तुमच्यासारखेच होते. तुम्ही तिचे गुण दिलेत, ती पास झाली, दुसरा नंबर.

निकालानंतर नव्या कचेरीतून एक साहेब तपासणीला आले. जीप लिंबाखाली उभी केली. तुम्ही शाळेत नव्हतात, टँकर आला होता आणि तुम्ही मोठ्या मुलींना घेऊन शाळेची पिंपं भरायला गेला होतात. साहेब घाईत होते, त्यांना अजून दोन गावं करायची होती. म्हणाले, "सातवीचे पेपर दाखवा, चार-पाच बघतो." मी गठ्ठा आणला. बाई, मी हे आता सरळ लिहिते. त्यांना काही दिसलं नसतं. ते वरचेच चार-पाच पेपर चाळून सही करणार होते. मी गठ्ठा सोडताना त्या मुलीचा पेपर काढून सगळ्यात वर ठेवला. त्यांनी पानं उलटली, तरी त्यांच्या लक्षात आलं नाही. म्हणाले, "चांगलं लिहिलंय पोरीनं." मी म्हणाले, "साहेब, हे तिचं अक्षर नाही." त्यांनी वर पाहिलं. "मग कुणाचं?" मी म्हणाले, "मुख्याध्यापिकांचं."

त्यांनी कोरा कागद माझ्यापुढं ठेवला. "लिहून द्या." मी लिहून दिलं. चार ओळी झाल्या. त्या दिवशी सकाळी मी तुमच्याच घागरीतल्या पाण्यानं तोंड धुतलं होतं, आणि लिहिताना मला ते आठवलंही होतं. तरी हात थांबला नाही. मला राग आला होता असं म्हणावं तर तसंही नव्हतं, तो केव्हाच उतरला होता. मला वाटत होतं मी बरोबर करते आहे. नियम होता, मी तो पाळला होता. साहेबांनी कागद वाचला आणि म्हणाले, "तुमचं लेखन फार शुद्ध आहे."

पंधरा दिवसांनी चौकशी झाली, शाळेतच. मला हजर राहायला सांगितलं होतं. तुम्ही खुर्चीवर नाही, मुलांच्या बाकावर बसला होतात. साहेबांनी पेपर पुढं धरला. "हे अक्षर तुमचं आहे?" तुम्ही म्हणालात, "हाव, माझंच." "तुम्हाला नियम माहीत नाही?" तुम्ही म्हणालात, "माहीत हाय. उत्तरं तिची, अक्षर माझं. तिला बोलवा आणि विचारा, आत्ता सांगती का न्हाई बघा." साहेब म्हणाले, "परीक्षा लेखी असते बाई." त्यावर तुम्ही म्हणालात, "तेच तर." एवढंच. मग त्यांनी माझा कागद तुम्हाला वाचायला दिला. तुम्ही चष्मा लावून तो सावकाश वाचलात, शेवटपर्यंत, आणि होती तशी घडी घालून परत दिलात. माझ्याकडे पाहिलं नाहीत.

पुढची यादी आली त्यात तुमचं नाव जुन्या जिल्ह्यात होतं, अगदी पलीकडच्या टोकाला, जिथून देगलूरला यायला दीड दिवस लागायचा. निवृत्तीला दोन वर्षं राहिली होती. माझं नाव लातूर शहरात होतं. मी ते मागितलं नव्हतं. नाकारलंही नाही. तुम्ही गेलात त्या सकाळी मी फाट्यापर्यंत आले होते, तुमची वळकटी मी घेतली होती. एसटीला उशीर होता. आपण दोघी एका दगडावर बसलो. खूप वेळानं तुम्ही म्हणालात, "अक्षर मोत्यासारखं हाय गं तुझं. खरंच." त्यात टोमणा नव्हता, मी आजही ऐकून बघते, नव्हताच. मग एसटीची धूळ दिसायला लागल्यावर म्हणालात, "त्या पोरीला सोडू नकोस." मी मान हलवली. तुम्ही चढलात, खिडकीशी बसलात. मी उन्हात उभी होते आणि मला लवकर परत जाऊन शाळा उघडायची होती.

मुलीची परीक्षा पुन्हा घ्यायची असं ठरलं होतं, आणि लातूरला जायच्या आधी ती मीच घेतली. रिकामा वर्ग, ती एकटी मधल्या बाकावर, मी खुर्चीवर. तिनं प्रश्नपत्रिका हातात घेतली आणि बराच वेळ त्यावर बोट ठेवून बसली. मग म्हणाली, "बाई, एकदा वाचून दाखवता का? नुसतं वाचा. लिवते मी माझी." मी म्हणाले, "नियमात नाही." ती म्हणाली, "बरं." तीन तास ती लिहीत होती. तिनं नद्यांची नावं लिहिली होती आणि ती मला ओळखता येत होती, पण ओळखता येणं आणि बरोबर असणं वेगळं असं मी तेव्हा मानत होते. ती नापास झाली. पुढच्या सोमवारी ती आईबरोबर खडीवर गेली. मी त्या आठवड्यात गाव सोडलं. तुमची गोणपाटाची अक्षरं शाळेच्या पेटीत राहिली होती. मी ती घेतली नाही, कुणाला दिलीही नाही.

लातूरला माझं चांगलं चाललं. शुद्धलेखनाच्या स्पर्धा घेतल्या, शाळेला बक्षिसं मिळाली. तुम्ही गेल्याचं मला कचेरीतल्या एका क्लार्ककडून कळलं, निवृत्तीनंतर वर्षभरातच, देगलूरलाच. मी माझ्या सेवापुस्तकाच्या कामासाठी गेले होते. तो म्हणाला, "तुमच्या त्या देगलूरच्या बाई गेल्या की." मी "अरेरे" म्हणाले आणि विचारलं, माझ्या पानावर सही झाली का. घरी आले, भाजी निवडली, जेवले. रडू येईल असं वाटून मी थोडा वेळ बसून राहिले होते, पण आलं नाही. नंतरही कधी आलं नाही.

पुढं खूप वर्षांनी नांदेडला एक प्रशिक्षण झालं. लिहिता-वाचताना अडखळणाऱ्या मुलांसाठी काय करायचं, असं. पुण्याहून आलेल्या एका तरुण बाईंनी पेटी उघडली आणि खरखरीत काचकागदाची अक्षरं बाहेर काढली. मुलानं डोळे मिटून त्यावरून बोट फिरवायचं, म्हणाल्या. स्पर्शानं अक्षर डोक्यात बसतं. सगळे लिहून घेत होते. मीही लिहून घेतलं. मग त्यांनी सांगितलं की अशा मुलांना आता परीक्षेत सवलत आहे. प्रश्न वाचून दाखवायला माणूस मिळतो, उत्तरं लिहून घ्यायला लेखनिक मिळतो, शुद्धलेखनाचे गुण कापत नाहीत. मी ते वाक्य वहीत लिहिलं, खाली रेघ मारली. जेवणाच्या सुट्टीत सगळ्या म्हणत होत्या, किती नवीन गोष्टी कळल्या. मी ताटात वाढलेलं सगळं खाल्लं. आता त्या सवलतीचे अर्ज मीच भरून देते. आईबापांना येत नाहीत म्हणून. लेखनिक हवा, हो किंवा नाही, तिथं 'हो'वर खूण करते. असे कितीतरी अर्ज मी भरले आहेत, त्यातली पुष्कळ मुलं पुढं कॉलेजात गेली. त्यांच्या आया पेढे आणतात. पेढे मी शेजारी देऊन टाकते.

आणि ती मला एकदा भेटली. लातूरच्या सरकारी दवाखान्यात, मी रक्तदाबाच्या गोळ्यांसाठी रांगेत होते. एक बाई सुनेच्या बाळंतपणाचा कागद घेऊन माझ्याजवळ आली. "बाई, एवढं भरून देता का? चष्मा इसरले घरी." तिनं कागद पुढं केला, तो तिनं उलटा धरलेला होता. मी नाव विचारलं, गाव विचारलं. गाव सांगितलं तेव्हाच मला कळलं. हात तसेच होते, आईसारखे. मी लिहीत राहिले. ती आपणहून म्हणाली, "मला येतंय लिवता. पण अक्षरं जागेवर ऱ्हात न्हाईत." मी विचारलं, "शाळेत गेला होतात?" "सातवीपत्तुर. आमच्या शाळेत एक बाई होत्या. त्या म्हणायच्या, पोरी, तुझी अक्षरं फिरायला जातात, येतील माघारी, वाट बघ." मी म्हणाले, "मग?" ती म्हणाली, "मग काय, त्याच गेल्या बदलून." थोड्या वेळानं मी विचारलं, "दुसऱ्या कुणी बाई नव्हत्या?" तिनं जरा आठवून पाहिलं. "असतील. ध्येनात न्हाई." मी कागद तिच्या हातात दिला. खिडकी कुठली ते दाखवलं. ती गेली. माझा नंबर आला आणि मी गोळ्या घेतल्या.

मी तेव्हा काही सांगितलं असतं तर तिला त्याचा काय उपयोग होता, असं मी स्वतःला विचारते. तुमची माफी मागावी म्हणून मी हे लिहायला बसले होते, पण ती कशी मागायची ते इतकं लिहूनही सुचलं नाही. जे घडलं ते ओळीनं मांडता आलं, एवढंच. ज्या मुलांची अक्षरं जागेवर येतात त्यांचं मला बरं वाटतं का, असं कुणी विचारलं तर मी हो म्हणेन. पण ते बरं वाटणं लांबून ऐकू आल्यासारखं असतं, शेजारच्या खोलीतल्या बोलण्यासारखं. तुमचा पत्ता आता नाही हे खरं आहे. पण तुम्ही देगलूरला अजून असतात, तरी हे पत्र मी टाकलं नसतं. माझं अक्षर पाहून तुम्ही पुन्हा चांगलंच म्हणाला असतात, आणि ते मला नको होतं.

एक गोष्ट राहिली. मागच्या आठवड्यात एका मुलीची आई तासभर दाराशी बसून माझं शिकवणं बघत होती. शाळेत शिक्षिकाच आहे, औशाकडची. मुलगी पुस्तकं पिशवीत भरत होती तेव्हा ती म्हणाली, "मॅडम, पाहुण्याच्या चपलेचं ते फार छान आहे. मी माझ्या वर्गात वापरू का? कुणी शिकवलं तुम्हाला हे?" मी सतरंजी झटकत होते. म्हणाले, "कुणी नाही. सरावानं सुचत जातं." ती "बरं" म्हणाली आणि स्कूटी काढायला गेली.